शेवटची पंगत

शास्त्रपाठ : १ करिंथ ११:१७-३४, लूक १२:३५-३७, लूक १७:७-१०, रूथ २:१४-१८

काही वर्षांपूर्वी मराठवाड्यातील एका खेड्यातल्या मंडळीने हंगामाच्या सणाला संदेश देण्यासाठी मला बोलावले होते. वेदीपुढे ज्वारीची कणसे, भोपळे, अंडी, दोन कोंबड्या अशी अर्पणे मांडली होती. सकाळच्या उपासनेत प्रभुभोजनाचा विधी होता. म्हणून मी करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्राचा अकरावा अध्याय घेतला आणि प्रभूच्या मेजावर सर्व जण समान आहेत, ह्या विषयावर पाऊण तास बोललो.

उपासनेनंतर मंदिराच्या अंगणात प्रीतिभोजन झाले. पहिल्या पंगतीला पाळक, वडील मंडळी आणि पाहुणे बसले. मला मधोमध बसवून आग्रहाने वाढण्यात आले. दुसरी पंगत गावातील पुरुषांची व तरुणांची झाली, तिसरी मुलांची. पहाटेपासून चुलीपुढे भाकरी थापत बसलेल्या बहिणी ऊन कलल्यावर शेवटच्या पंगतीला बसल्या. निघण्यापूर्वी मी त्यांचा निरोप घ्यायला गेलो, तेव्हा पातेल्याच्या तळाशी पातळ रस्सा उरला होता, फोडी संपल्या होत्या. त्या रश्शात भाकरी कुस्करून त्या हसतखेळत जेवत होत्या. कोणाचीही तक्रार नव्हती. काही चुकले आहे असे कोणालाच वाटले नाही. सकाळी त्याच अध्यायावर बोललेल्या मलाही वाटले नाही.

परतीच्या एस.टी.त मी सहज आपली टिपणे चाळली आणि एकविसाव्या वचनापाशी माझे बोट थांबले. करिंथ येथे एक जण भुकेला राहतो आणि दुसरा नको तितका तृप्त होतो, असे पौल तेथे म्हणतो. प्रिय वाचकहो, त्या दिवशी तो 'दुसरा' मी होतो.

घरोघरची रीत

मंडळीत जे दिसते ते घरातून आलेले असते. आपल्या घरांतील जेवणाचा क्रम आठवून पाहा. आधी कर्ता पुरुष आणि पाहुणे, मग मुले, मग सासूबाई, आणि सर्वांचे आटोपल्यावर सून. तिच्या वाट्याला येते ते भाताची खरवड, कालवणाचा तळ आणि सकाळची उरलेली भाकरी. पतीच्या उष्ट्या ताटात पत्नीने जेवावे, हे तर कित्येक घरांत पातिव्रत्याचे लक्षण मानले जाई. ही रीत केवळ महाराष्ट्रातील नव्हे. इंदूर, बडोदे, हैदराबाद किंवा दिल्ली येथे राहणारे आपले वाचकही शेजारच्या घरांतून ती थोड्याफार फरकाने पाहत असतील.

ह्या रीतीत प्रेम नाही, असे मी म्हणणार नाही. उशिरा येणाऱ्या मुलासाठी झाकून ठेवलेले ताट आणि त्याच्यासाठी उपाशी बसलेली आई हे आपल्या घरांतील वैभव आहे. परंतु त्याच प्रेमाच्या आड आपण किती सोयीस्करपणे लपतो, हेही पाहिले पाहिजे. "माझ्या आईला भूक अशी कधी लागतच नसे," असे मी मातृदिनाच्या संदेशात अनेकदा कौतुकाने सांगितले आहे. तिच्या शेवटच्या आजारपणात एकदा मी तव्यावरची भाकरी दुधात कुस्करून तिला भरवली. दोन घास खाऊन ती म्हणाली, "गरम भाकरी किती वर्षांनी खाल्ली रे!" त्यानंतर तो दाखला मी संदेशात पुन्हा कधी वापरला नाही.

पंगतीतील एक भिंत पडली

मराठी ख्रिस्ती मंडळीच्या इतिहासात पंगतीला फार मोठे मोल आहे. आपल्यापैकी पुष्कळांच्या पणजोबांना गावच्या पंगतीत जागा नव्हती. गावकीची कामे करून दारोदार भाकरी मागावी आणि पंगत उठल्यावर जे उरेल ते दुरून स्वीकारावे, अशी त्यांची स्थिती होती. दुसरीकडे, ज्यांना पंगतीत मानाचे पान होते त्यांना इतरांच्या शेजारी बसणे कठीण होते. रेव्ह. नारायण वामन टिळकांचा बाप्तिस्मा १८९५ साली मुंबईत झाला. पुढे लक्ष्मीबाई त्यांच्याकडे राहावयास आल्या, तरी काही काळ त्यांनी आपले अन्नपाणी वेगळे ठेवले होते. ते सोवळे कसे हळूहळू सुटत गेले, हे त्यांनी 'स्मृतिचित्रे' ह्या आत्मचरित्रात अत्यंत मोकळेपणाने सांगितले आहे.

एका भाकरीचे भागीदार होण्यासाठी आपल्या पूर्वजांनी, दोन्ही बाजूंच्या, एवढी मोठी भिंत ओलांडली. पण चूल आणि पाट ह्यांच्यामधली भिंत तशीच उभी राहिली. उरलेले अन्न वाट्याला येणे म्हणजे काय, हे ज्या समाजाला पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक होते, त्याच्या घरात उरलेल्याची वाटेकरीण आता कोण आहे?

करिंथ येथील घर

पौलाने हे पत्र इ.स. ५५ च्या सुमारास इफिस येथून लिहिले (१ करिंथ १६:८). त्या काळी ख्रिस्ती लोकांची वेगळी मंदिरे नव्हती. मंडळी एखाद्या ऐपतदार बंधूच्या घरी जमत असे. गायस हा असाच एक यजमान होता (रोम १६:२३). रोमी पद्धतीच्या मोठ्या घरात भोजनगृहातील तीन आसनांवर साधारणतः नऊ माणसे टेकून जेवू शकत. बाकीच्यांना चौकात बसावे लागे. यजमानाच्या बरोबरीचे लोक वेळेवर येऊन आत बसत. दास व मजूर दिवसाचे काम आटोपून उशिरा येत, तोवर अन्न संपलेले असे, असे अनेक भाष्यकार ह्या अध्यायावरून समजतात.

त्या शहराच्या रीतीप्रमाणे ह्यात वावगे काहीच नव्हते. कोणी कोणाला हाकलले नव्हते. पौलाला मात्र त्यात देवाच्या मंडळीचा अवमान दिसतो आणि ज्यांच्याजवळ काही नाही त्यांना लाजवणे दिसते (वचन २२). पुढे जाऊन तो म्हणतो की, अशा रीतीने जे खाल्ले जाते ते प्रभूचे भोजनच नव्हे (वचन २०). भाकर तीच, द्राक्षारस तोच, प्रार्थनाही तीच. तरीही ते प्रभूचे भोजन राहिले नाही, कारण जेवणाचा क्रम प्रभूचा नव्हता.

उपाय म्हणून पौल एकच गोष्ट सांगतो : भोजनास जमाल तेव्हा परस्परांची वाट पाहा (वचन ३३). येथील 'एक्देखोमाइ' ह्या ग्रीक क्रियापदाचा अर्थ वाट पाहणे असा आहे आणि आदराने स्वीकारणे असाही होऊ शकतो. शेतकरी भूमीच्या मोलवान पिकाची वाट पाहतो, असे याकोब म्हणतो तेव्हा तेथेही हेच क्रियापद आहे (याकोब ५:७). ज्याचे मोल आपण जाणतो त्याचीच आपण अशी वाट पाहतो. 'परस्परांची' हा शब्दही महत्त्वाचा आहे. आपल्या घरांत वाट पाहणारी व्यक्ती एकच असते आणि ती कोण, हे सर्वांना ठाऊक असते. पौलाची आज्ञा दोन्ही बाजूंना लागू आहे.

कोणी म्हणेल की, भूक लागली असेल तर घरी खा, असेही पौलाने चौतिसाव्या वचनात सांगितले आहे. तेव्हा ही आज्ञा मंडळीपुरती आहे, घरापुरती नव्हे. पण तेथे पौल घराला मोकळीक देत नाही; भूक ही न थांबण्याची सबब होऊ शकत नाही, एवढेच तो सांगतो. घराविषयी पेत्राचे वचन स्पष्ट आहे. पत्नी ही कृपेच्या जीवनाची बरोबरीची वारस आहे म्हणून पतीने तिला मान द्यावा, नाहीतर त्यांच्या प्रार्थनांत व्यत्यय येईल, असे तो बजावतो (१ पेत्र ३:७). जेवणापूर्वीची आपली प्रार्थना कोठे अडत असेल, ह्याचा विचार करायला हे वचन पुरेसे आहे.

'मग वाढणारा म्हणा की!'

भाषांतराच्या कामात मसुदा तयार झाला की तो सामान्य श्रोत्यांपुढे वाचून दाखवण्याची पद्धत आहे. एका गावी लूकच्या बाविसाव्या अध्यायातील सत्ताविसावे वचन मी एका वृद्ध भगिनीला वाचून दाखवत होतो. मी सेवा करणाऱ्यासारखा आहे, असे प्रभू आपल्या शिष्यांना तेथे सांगतो. "सेवा म्हणजे काय?" असे मी विचारले. "सेवा म्हंजे पाळकसाहेबांचं काम," ती म्हणाली. मी समजावून सांगितले, "येथे काही लोक जेवायला बसले आहेत आणि एक जण त्यांच्यामध्ये उभा राहून त्यांना हवे-नको पाहतो आहे." ती लगेच म्हणाली, "मंग वाढणारा म्हना की!"

मूळ ग्रीक क्रियापद 'दियाकोनेओ' आहे. त्याला निरोप्याचे अथवा नेमून दिलेले काम पार पाडणे असाही अर्थ आहे आणि पंक्तीत वाढणे एवढाच त्याचा मूळ अर्थ मानू नये, असे जॉन कॉलिन्स ह्या ऑस्ट्रेलियन अभ्यासकाने १९९० साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात साधार दाखवले. ती सूचना योग्यच आहे. पण शुभवर्तमानांत जेथे जेवणाचा प्रसंग समोर आहे, तेथे त्या भगिनीचा शब्द अचूक आहे. आपण मात्र पुष्कळ ठिकाणी 'सेवा' हा भारदस्त शब्द योजतो. सेवा व्यासपीठावर गेली आणि वाढणे चुलीपाशी राहिले.

आता तोच शब्द मनात धरून शुभवर्तमाने वाचून पाहा. ताप निघाल्यावर शिमोनाची सासू घरातील मंडळींना वाढू लागली (मार्क १:३१). बेथानीत मार्था वाढत होती (योहान १२:२), आणि त्याआधी एकदा वाढपाच्या व्यापाने तिची ओढाताण झाली होती (लूक १०:४०). काना येथे पाण्याचा द्राक्षारस झाला, तेव्हा तो कोठून आला हे भोजनकारभाऱ्याला कळले नाही. ज्यांनी पाणी काढले होते त्या वाढप्यांना मात्र ठाऊक होते (योहान २:९). प्रभूच्या गौरवाची पहिली वार्ता पाटावर बसलेल्यांच्या आधी वाढणाऱ्यांना कळली!

लूकच्या सतराव्या अध्यायात प्रभू त्या काळची घरगुती रीत सांगतो. शेतातून थकून आलेल्या दासाला धनी 'ये, जेवायला बस' असे म्हणत नाही. आधी मला वाढ, मग तू जेव, असे म्हणतो (१७:७, ८). हीच आपली शेवटची पंगत. प्रभूला ती चांगली ठाऊक होती. त्या दाखल्याचा रोख, आपण देवावर उपकार करीत नाही हे आपल्याला शिकवण्याकडे आहे. घरातील कोणालाही दुसऱ्याचा धनी होण्याची परवानगी त्यातून मिळत नाही. कारण त्याच लूकने पाच अध्यायांपूर्वी ती रीत उलटी करून दाखवली आहे. धनी लग्नाहून परत येतो, कंबर बांधतो, जागे राहिलेल्या दासांना जेवायला बसवतो आणि स्वतः त्यांना वाढतो (१२:३७). दोन्ही ठिकाणी कंबर बांधणे तेच आणि क्रियापदही तेच. फक्त माणसे बदलली आहेत. देवाच्या राज्यातील पंगत अशी असेल. पुनरुत्थित प्रभूने तिबिर्य समुद्राच्या काठी निखाऱ्यांवर मासळी ठेवून, रात्रभर जागलेल्या शिष्यांना न्याहारीला बोलावले, तेव्हा तिची चुणूक त्यांना मिळाली (योहान २१:९-१३).

आधी तृप्ती, मग उरलेले

जुन्या करारात ह्या विषयावर एक सुंदर प्रसंग आहे. परदेशी, विधवा आणि दरिद्री अशी रूथ बवाजाच्या शेतात सरवा वेचत होती. रीतीप्रमाणे तिचा हक्क मागे पडलेल्या कणसांवरच होता. पण जेवणाच्या वेळी बवाजाने तिला कापणाऱ्यांच्या पंगतीत बसवले आणि आपल्या हाताने भाजलेले धान्य दिले (रूथ २:१४). तेथे इब्री भाषेत तीन लहान क्रियापदे एकापुढे एक येतात : ती जेवली, ती तृप्त झाली, आणि तिच्याजवळ उरले. ते उरलेले तिने पदरात बांधून घरी सासूला दिले (२:१८).

हा क्रम लक्षात घ्या. रूथच्या वाट्याला उरलेले आले नाही. ती तृप्त झाल्यावर तिच्यापाशी उरले. सुनेने आधी पोटभर खाल्ले म्हणून सासूचे काही कमी झाले नाही, उलट तिलाही मिळाले. आपल्या घरांत सासू-सुनेच्या संबंधांवर पुष्कळ बोलले जाते. जेवणाच्या क्रमाकडे मात्र कोणी पाहत नाही.

गरम पोळीचा प्रश्न

त्या प्रवासाहून घरी आल्यावर दुसऱ्याच दिवशी मी पत्नीला म्हटले, "आजपासून तूही आमच्याबरोबर बस." ती म्हणाली, "आणि पोळ्या कोण लाटणार?" तिच्या ह्या प्रश्नाने मला सगळे प्रकरण उलगडले. "तुम्ही बसा, मी येतेच," हे वाक्य मी तीस वर्षे ऐकत होतो आणि ती येईपर्यंत माझा ताकभात झालेला असे. तिला पाटापासून दूर ठेवणारी गोष्ट धर्मशास्त्रात नव्हती, परंपरेच्या मोठ्या तत्त्वातही नव्हती. तव्यावरची गरम पोळी थेट ताटात पडावी, ह्या माझ्या हट्टात ती होती. जोवर पंगतीला गरम पोळी हवी, तोवर कोणीतरी एक जण चुलीपाशी उभा राहणारच.

आमच्या घरी ह्यावर निघालेला तोडगा अगदी साधा आहे. पोळ्या आधी करून फडक्यात गुंडाळून डब्यात ठेवतो. सर्व भांडी मध्ये मांडतो, पाच माणसांची पाच पाने घेतो आणि पाचही जण बसल्यावरच प्रार्थना करतो. वाढण्याची पाळी आठवड्यातून बदलते. पोळी पूर्वीइतकी गरम नसते, हे मान्य केले पाहिजे. पहिले काही दिवस पत्नीलाच अवघडल्यासारखे होई. पाचव्या मिनिटाला ती उठे आणि मीठ नाहीतर लोणचे आणण्याचे निमित्त काढी. तीस वर्षांची सवय एका ठरावाने जात नाही. सत्तरीच्या माझ्या सासूबाईंना तर हे आजही रुचत नाही, "पुरुषमाणसांआधी घास कसा उतरेल?" असे त्या म्हणतात. त्यांच्यावर आम्ही सक्ती करीत नाही. त्या येईपर्यंत मात्र आम्ही थांबतो.

हा केवळ भावनेचा प्रश्न नाही. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार भारतातील १५ ते ४९ वर्षे वयाच्या ५७ टक्के स्त्रियांना रक्तक्षय आहे. महाराष्ट्रात हे प्रमाण ५४.२ टक्के आहे. त्याच वयोगटातील पुरुषांत देशभरात ते २५ टक्के आहे. मासिक पाळी, बाळंतपणे, जंत, आहारातील लोहाची उणीव अशी ह्याची अनेक कारणे आहेत, आणि जेवणाच्या क्रमाला सर्व दोष देणे बरोबर होणार नाही. पण ज्या घरात डाळ, भाजी, अंडी, मासळी मोजकी असते, तेथे शेवटी जेवणारीच्या पानात काय पडते, हे सांगायला सर्वेक्षण लागत नाही. पातेले खरवडणाऱ्या पळीचा आवाज आपण सर्वांनी ऐकला आहे.

मराठी भाषेत एक गंमत आहे. अन्न पानात घालणे म्हणजे वाढणे, आणि मोठे होणे म्हणजेही वाढणे. ह्यावरून व्युत्पत्तीचा सिद्धान्त मी काढत नाही. पण जिने वाढले म्हणून आपण वाढलो, तिच्या पानात कोण वाढतो, हे विचारायला ह्या शब्दाने आपल्याला शिकवावे.

त्या खेड्यातील मंडळीत मी मागील हंगामाच्या सणाला पुन्हा गेलो होतो. ह्या वेळी निघण्यापूर्वीच पाळकांना पत्र लिहून आधीच्या भेटीची माझी चूक कळवली होती आणि शेवटच्या पंगतीला बसण्याची परवानगी मागितली होती. त्यांनी ती दिली. आम्ही दोघे व चार वडील पहिल्या पंगतीत वाढायला उभे राहिलो आणि भाकरी थापणाऱ्या बहिणी त्या पंगतीत बसल्या. एकीने पदर तोंडाला लावून हसत विचारले, "साहेब, तुमाला वाढता येतं का?" खरे सांगायचे तर येत नव्हते. रस्सा वाढताना मी दोघींच्या पानांबाहेर सांडला.

अभ्यासासाठी प्रश्न
(घरगुती प्रार्थना, महिला मंडळ व तरुण संघ ह्यांच्यासाठी)

१. काल रात्री आपल्या घरी सर्वांत शेवटी कोण जेवले? त्या वेळी काय उरले होते?

२. लूक १७:८ आणि लूक १२:३७ ही वचने शेजारी ठेवून वाचा. आपले घर ह्यांपैकी कोणत्या वचनासारखे आहे?

३. 'मला भूक नाही' हे वाक्य आपल्या घरी कोण अधिक वेळा म्हणते? ते नेहमी खरे असते का?

४. आपल्या मंडळीच्या पुढील प्रीतिभोजनात पंगतींचा क्रम कसा असावा? ह्याविषयी शेवटच्या पंगतीला बसणाऱ्यांचे मत आधी ऐका.

५. ह्या आठवड्यात एक संध्याकाळ निश्चित करा. सर्व जण बसेपर्यंत कोणीही घास घेऊ नये, आणि वाढणारी व्यक्ती रोजची नसावी. जेवणानंतर रूथ २:१४-१८ मोठ्याने वाचा.